थुंकणाऱ्या नागाची पंचमी

“नाग थुंकतो?” आत्याबाईंनी वेलची सोलता सोलता मान वर केली. “का? पानतंबाखू खातो काय त्यो?”

“खरंच थुंकतो, आत्याबाई. विष थुंकतो. तेही नेमकं डोळ्यांत.”

“थुंकतात ती माणसं. नागाला तसलं वळण नसतंय. आमच्या शिराळ्यात पंचमीला घरात जित्ता नाग येतो. पाटाम्होरं फणा काढून हुबा ऱ्हातो. लगीन होऊन आले तवापास्नं पुजतेय मी. कुणाच्या अंगावर थुंकल्याचं ऐकलं न्हाई.”

“तो तिकडचा नाग. हा इकडचा.”

“नाग तो नाग,” आत्याबाई म्हणाल्या आणि वेलचीची टरफलं त्यांनी चहाच्या डब्यात टाकली. “भित्यापाठी ब्रह्मराक्षस, वसू. दुसरं काय न्हाई.”

हे बोलणं चाललं होतं ते टांझानियात, चहूबाजूंनी उसाने वेढलेल्या एका साखर कारखान्याच्या कॉलनीत. माझे यजमान संपतराव तिथे चीफ केमिस्ट होते. आत्याबाई म्हणजे त्यांच्या आई, माझ्या सासूबाई; काही महिन्यांसाठी आमच्याकडे राहायला आल्या होत्या. लग्नाला जेमतेम वर्ष झालं होतं. मी पुण्याची, शुक्रवार पेठेत तिसऱ्या मजल्यावर वाढलेली. लग्नापूर्वी मी पाहिलेला साप म्हणजे गारुड्याच्या टोपलीतला, आणि तोसुद्धा गॅलरीतून. पदरात पडलं ते बत्तीस शिराळ्याचं सासर, जिथे नागाला घरचा पाहुणा मानतात. आणि संसार मांडला तो अशा ठिकाणी, की जिथे साप पाहुणे नव्हतेच. तेच घरमालक होते, आम्ही भाडेकरू.

त्याचं कारण असं की तिकडे ऊस तोडण्याआधी फड पेटवून देतात. पाला जळून जातो, ऊस तेवढा उभा राहतो, तोडणी सोपी होते. पण फडात राहणारे सगळे जीव आगीपुढे पळत सुटतात आणि सरळ कॉलनीत येतात. गळीत हंगाम सुरू झाला की आमच्याकडे रीघ लागायची. आंब्याच्या झाडावर हिरवागार माम्बा, पायरीवर आपल्या घोणशीचा तिकडचा लठ्ठ चुलतभाऊ पफ अॅडर, आणि सगळ्यांत वरचढ हा थुंकणारा नाग. स्वाहिलीत त्याला ‘स्विला’ म्हणतात.

भित्र्या माणसाला शत्रूची इत्थंभूत माहिती असते. मी कॉलनीतल्या प्रत्येकाला विचारून विचारून ती गोळा केली होती. स्विला सहा-सात फुटांवरून नेम धरतो. त्याचं विष कातडीवर पडलं तर धुऊन जातं, डोळ्यांत गेलं तर आग आग होते, आणि वेळेवर धुतलं नाही तर डोळाही जाऊ शकतो. डोळा चोळायचा नाही. पाणी ओतायचं, भरपूर ओतायचं. पाणी नसेल तर दूध, तेही नसेल तर हाताशी जे साधं पातळ असेल ते. हे सगळं मला पाढ्यांसारखं पाठ होतं. पण माहिती असली की भीती जाते असं तुम्हाला कोणी सांगितलं, तर ऐकून घ्या आणि सोडून द्या. मला एकेक गोष्ट कळत गेली तशी माझी झोप उडत गेली.

जुलैत एकदा दुपारी पायपुसण्यावर पफ अॅडर येऊन झोपला. आत्याबाई शेजारी पटेलबाईंकडे गेल्या होत्या. मी जेवणाच्या टेबलावर चढले आणि हे कामावरून येईपर्यंत तिथेच उभी राहिले. तोंडातून हूं की चूं नाही, कारण ओरडले तर तो जागा होईल. हे आले, त्यांनी माणसं बोलावून त्याला हलवलं, आणि मला टेबलावर बघून पोट धरून हसले.

त्या संध्याकाळी मी त्यांना शांतपणे सांगितलं, “आत्याबाई परत जातील तेव्हा मीही त्यांच्याबरोबर जाणार. कायमची. तुम्हाला माझ्याबरोबर राहायचं असेल तर सांगली जिल्ह्यात साखर कारखान्यांना तोटा नाही.”

त्यांचं हसू विरलं. ही नोकरी त्यांनी किती खटपटीने मिळवली होती ते मला माहीत होतं. इथे त्यांची स्वतःची प्रयोगशाळा होती, हाताखाली माणसं होती, मान होता. आणि मी काही धमकी देत नव्हते, तेही त्यांना कळलं होतं. ते एवढंच म्हणाले, “आईला इतक्यात सांगू नकोस.” ऑगस्टअखेरीला आत्याबाईंचं जाणं ठरलं होतं. दार-ए-सलामहून मुंबईची दोन तिकिटं काढायचं त्यांनी कबूल केलं.

तेव्हा पंचमी आली ती अशी. मनाने मी निघालेलीच होते.

आत्याबाई म्हणजे पाटलाच्या घरची सून. उंच, ताठ, कपाळावर रुपयाएवढं कुंकू, आणि आवाज असा की परसातून हाक मारली तर फाटकावरचा पहारेकरी उठून उभा राहायचा. त्यांच्याकडे नागाच्या गोष्टींचा तोटा नव्हता. एकदा नाग देव्हाऱ्यात वेटोळं घालून बसला, एकदा दुरडीत निघाला, एकदा सासऱ्यांच्या पागोट्यावर. प्रत्येक गोष्टीत आत्याबाई हात जोडून उभ्या आणि नाग निमूटपणे निघून गेलेला. या गोष्टी त्या मला रोज सांगायच्या, बहुधा धीर यावा म्हणून. मला धीर येत नव्हता, नुसती लाज वाटत होती. यांच्या घरात आपण कसली सून म्हणून आलो, असं वाटून मी आणखी गप्प व्हायचे.

पंचमीच्या आदल्या संध्याकाळी कॉलनीमागचा मोठा फड पेटवला. रात्रभर जळक्या पाल्याचे काळे कपटे वाळत घातलेल्या कपड्यांवर पडत राहिले. सकाळी आत्याबाईंनी न्हाऊन नवी बांगडी भरली आणि घराचा ताबा घेतला. आज काही चिरायचं नाही, तळायचं नाही, तवा ठेवायचा नाही, भुईत कुदळ मारायची नाही. माळ्याला त्यांनी कुदळीसकट घरी पाठवून दिलं. त्याला कारण कळलं नाही, पण सुट्टी कळली. मी पुरणाची दिंडं उकडायला ठेवली. लाह्या मिळेनात म्हणून मक्याच्या फोडल्या.

“आता फकस्त नाग पायजे,” आत्याबाई म्हणाल्या. “इथं एवढं नाग म्हणतीस, आन् सणाच्या दिवशी एक बी फिरकंना.”

त्यांचं वाक्य पुरं व्हायला आणि मागच्या दारी ओरडा व्हायला एकच गाठ पडली.

“स्विला! स्विला!”

आमचा पहारेकरी हमीसी लांब काठी घेऊन परसात उभा होता. पाण्याच्या पिंपाजवळ हातभर उंच फणा उभा होता. काळाकुळीत, गळ्याशी तांबूस पट्टा, आणि पाठीवर फडातली राख. आगीतून फुफाट्यात आलेला तो जीव फार वैतागलेला दिसत होता.

माझी पाचावर धारण बसली. मी स्वयंपाकघराचं जाळीचं दार ओढून घेतलं आणि कडी लावली. आत्याबाई आत आहेत अशी माझी समजूत होती. मागे वळून पाहिलं तर घरात कोणी नाही, आणि जाळीतून पाहिलं तर त्या पुढच्या दाराने बाहेर पडून, घराला वळसा घालून, डोक्यावर पदर घेऊन, हातात हळदीकुंकवाचं ताट धरून परसात पोचल्यासुद्धा होत्या.

“आला गं बाई, माझा भाऊ आला!” त्या म्हणाल्या. मग हमीसीकडे वळल्या. “ए बाबा, काठी खाली टाक. आज पंचमी हाय. आज त्याला मारशील तर माझ्याशी गाठ हाय.”

हमीसीला मराठीचा एक शब्द येत नव्हता, पण आत्याबाईंचा आवाज कोणत्याही भाषेत कळायचा. त्याने काठी खाली केली. मग तो एक हात डोळ्यांवर आडवा धरून त्यांना जोरजोरात मागे बोलवायला लागला. आत्याबाईंनी त्याच्याकडे बघितलंच नाही.

“आत्याबाई, मागे व्हा!” मी जाळीतून ओरडले, पण घशातून निघाली ती कुजबूजच. “हा तो नाही. हा थुंकतो!”

“वसू, दूध आण.”

“आत्याबाई, तुमच्या पाया पडते—”

“नागाच्या पड. दूध आण म्हणते न्हवं.”

दुधाचा तांब्या माझ्या हातातच होता, पण कडी काढायला हात उचलेना. आत्याबाई चार पावलं पुढे गेल्या. त्यांनी ताट जमिनीवर ठेवलं, गुडघ्यांवर बसल्या, हात जोडले. आणि त्या नागाकडे सरळ, टक लावून बघायला लागल्या. पापणी लवत नव्हती. मी मनात म्हटलं, ही बाई माणूस आहे की कोण आहे.

नाग जरासा मागे झुकला. एक फुसकारा आला, आणि दोन बारीक धारा हवेत चमकल्यासारख्या वाटल्या.

“आई गं! मेले, मेले!”

ताट उलटलं, कुंकू सांडलं, आत्याबाई दोन्ही हातांनी डोळे दाबून जमिनीवर बसल्या. हमीसी काठी उचलून पुढे आला, पण आत्याबाई आणि नाग इतके जवळ होते की त्याला वार करता येईना. नळ घरात होता. पिंप होतं ते नागाच्या पलीकडे.

इथे मी शौर्य दाखवलं असं तुम्हाला वाटेल. तसं काही नाही. मला इतकंच दिसत होतं की आत्याबाई डोळे चोळतायत, आणि डोळे चोळायचे नाहीत हे त्या परसात मला सोडून त्यांना सांगणारं कोणी नाही. मी कडी काढली. ओट्यावर धुऊन उभी केलेली कणीक मळायची परात होती, ती डाव्या हाताने तोंडासमोर धरली. उजव्या हातात तांब्या. आणि परातीच्या कडेखालून फक्त आपल्याच पावलांकडे बघत मी बाहेर पडले. तोंडाने मी रामरक्षा म्हणत होते की बाराचा पाढा, ते देव जाणे.

परातीवर काहीतरी बारीक उडालं. तांदूळ पडल्यासारखा आवाज आला. मी थांबले नाही. थांबायचं म्हटलं असतं तरी पाय आता माझे नव्हते. आत्याबाईंच्या निऱ्या हाताला लागल्या तशा मी त्यांना तांब्याच्या हातानेच कवेत घेऊन ओढलं, बरीच मागे आणलं, आणि त्यांचे हात बाजूला करून नागासाठी तापवून निववलेलं सगळंच्या सगळं दूध त्यांच्या डोळ्यांत ओतलं.

“डोळे उघडा! उघडा म्हणते ना!”

“उघडत न्हाईत गं, आग हुतीया!”

“चोळू नका! हात खाली! खाली करा हात!”

आयुष्यात सासूवर पहिल्यांदा खेकसले ते तेव्हा. मग त्यांना स्वयंपाकघरात नेऊन नळाखाली त्यांचं डोकं धरलं आणि डॉक्टरांची गाडी येईपर्यंत पाणी सोडत राहिले. आत्याबाईंच्या तोंडाचा पट्टा मात्र चालूच होता. “मुडद्या! भाऊ म्हनलं तुला! भनीच्या डोळ्यांत थुंकतोस? तुझा फणा झडो, तुझ्या बिळात पाणी शिरो!” पंचमीच्या दिवशी नागाला इतक्या शिव्या शिराळ्याच्या दुसऱ्या कुठल्या सुनेने घातल्या नसतील. मध्येच त्यांना सण आठवायचा, मग एक “माफ कर रं बाबा,” आणि लगेच पुन्हा, “पर मुडदाच हाईस तू!”

नाग तेवढ्यात गटारात उतरून निघून गेला. लाह्यांना त्याने तोंड लावलं नाही, असं हमीसीने नंतर खुणेने सांगितलं.

कारखान्याच्या दवाखान्याचे डॉक्टर मसावे हे सावकाश बोलणारे, हसतमुख गृहस्थ. त्यांनी डोळे पुन्हा धुतले, औषध घातलं, दोन्ही डोळ्यांवर पट्ट्या बांधल्या. सगळं ऐकून घेतल्यावर त्यांनी मला विचारलं, “म्हणजे यांना नागाला ओवाळायचं होतं?”

“हो.”

“जवळून?”

“हो.”

ते बराच वेळ आत्याबाईंकडे बघत राहिले. मग म्हणाले, “डोळे वाचतील. लगेच धुतले म्हणून वाचतील. तीन-चार दिवस पट्ट्या काढायच्या नाहीत.”

हे धावतपळत घरी आले तेव्हा आई खाटेवर पट्ट्या बांधून पडलेली, अंगाला दुधाचा वास, आणि दाराशी मी परात पोटाशी धरून बसलेली. ती खाली ठेवायचं मला सुचलंच नव्हतं. त्यांनी एकदा आईकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. कोणी काही न विचारताच म्हणाले, “तिकिटं आणतोच.”

दुसऱ्या दिवशी दुपारी मी आत्याबाईंना भात भरवत होते. डोळे बांधलेले असल्यामुळे त्या घासाला पक्ष्याच्या पिलासारखं तोंड उघडायच्या. मला हसू यायचं, पण मी आवाज येऊ देत नव्हते.

“हसतीस व्हय गं?” त्या म्हणाल्या.

“नाही, आत्याबाई.”

“हस, हस. मी बी हसले असते.” मग त्यांनी पुढचा घास हाताने अडवला. “वसू, दार लाव जरा.”

मी दार लावून आले.

“तू माझ्यासंगं परत निघालीस, ते ठावं हाय मला.”

मी घाबरून म्हटलं, “ह्यांनी सांगितलं?”

“त्यो कशाला सांगतोय! तुमच्या कॉलनीच्या भिंती पातळ हाईत, आन् माझं कान जाड न्हाईत.” त्यांनी चाचपडत माझा हात धरला. “म्हणून तर त्या मुडद्याम्होरं जाऊन बसले. म्हनलं, सासू भीत न्हाई हे सुनंनं डोळ्यांनी बघितलं, म्हंजी सून बी ऱ्हाईल.”

“तुम्ही कधीच भीत नाही, आत्याबाई. मला माहीत आहे. माझंच काहीतरी—”

“मी भीत न्हाई?” आत्याबाई एकदम उठून बसल्या. “अगं, पाल दिसली तरी माझ्या पोटात गोळा येतो! माझ्या म्हायेरी मातीचा नाग पुजायचं. लगीन हुऊन शिराळ्याला आले आन् पयल्याच पंचमीला दारात जित्ता नाग! सासूबाई म्हनल्या, पाटलाच्या सुना भीत न्हाईत. झालं. वरडायची सोय ऱ्हायली न्हाई.”

“मग इतकी वर्षं—?”

“डोळं मिटून.”

“काय?”

“डोळं मिटून पुजला दरसाल. हात जोडायचं, डोळं गच्च मिटायचं, आन् मनात म्हनायचं, जा बाबा लवकर, जा बाबा लवकर. लोक म्हणायची, बघा कशी तल्लीन झालीया. शेजारपाजारच्या बायका माझी भक्ती बघून पाया पडायच्या!”

मी हातातलं ताट खाली ठेवलं.

“आन् काल,” आत्याबाई म्हणाल्या, “तू जाळीतनं बघत हुतीस. म्हनलं, आज डोळं मिटलं तर हिला कळंल. म्हणून जलमात पयल्यांदा नागाकडं डोळं उघडं ठिवून बघितलं.” त्यांनी पट्ट्यांना हात लावला. “आन् त्या मेल्यानं त्याच डोळ्यांत थुंकावं?”

मला आधी हुंदका आला की हसू, ते आता सांगता येणार नाही. पण क्षणात आम्ही दोघी हसत होतो, इतक्या की त्यांची पट्टी सरकली आणि मला ती पुन्हा बांधावी लागली. या बाईसमोर मी महिनोन् महिने मान खाली घालून वावरले होते, आणि ती माझ्याइतकीच, कदाचित माझ्याहून जास्त घाबरलेली होती. मला तिच्याबद्दल इतकी माया वाटली की मी तिच्या खांद्यावर डोकं टेकवलं.

“तू जा, बाळ,” त्या माझ्या पाठीवरून हात फिरवत म्हणाल्या. “मी अडवणार न्हाई. संपतला बी बोलू देणार न्हाई. भ्या वाटतंय तर जावं माणसानं. मला कुणी जा म्हनलं न्हाई. भ्या वाटतंय का, असं बी कुणी इचारलं न्हाई.”

मी उठून चहा ठेवला.

पट्ट्या सुटल्या त्या दिवशी डॉक्टर मसाव्यांनी बोटं नाचवून काय दिसतंय ते विचारायला सांगितलं. आत्याबाईंनी डोळे किलकिले केले. “सून दिसतीया,” त्या म्हणाल्या. “येणी घातलेली न्हाई.” डॉक्टरांना मी सांगितलं, नजर उत्तम आहे.

मग सुरू झाले ते त्या घरातले माझे सर्वांत मजेचे दिवस. आत्याबाईंनी पाटलीणपण खुंटीला टांगलं होतं. त्या खुर्चीवर पाय वर घेऊन बसायच्या. न्हाणीघरात जायच्या आधी मला पुढे पाठवायच्या, आणि मी त्यांना पुढे ढकलायचे. रोज संध्याकाळी मी परात घेऊन, त्या बॅटरी घेऊन, अशी आमची फेरी निघायची. पलंगाखाली, कपाटामागे, तांदळाच्या डब्याआड.

“बघ गं तिकडं.”

“तुम्ही बघा, तुमचा भाऊ आहे.”

“गेला खड्ड्यात भाऊ!”

एकदा न्हाणीघरात खरंच काहीतरी हललं आणि आम्ही दोघी एकाच स्टुलावर चढलो. ती पाल निघाली. हे दारात उभे राहून बघत होते. त्यांच्या मातोश्री, शिराळ्याची नागपूजक पाटलीण, सुनेच्या कमरेला मिठी मारून स्टुलावर उभ्या. हे या खेपेला हसले नाहीत. ते नुसते आईकडे बघत राहिले, जणू काही ओळख नव्याने होत होती.

त्या रात्री पडल्या पडल्या माझ्या लक्षात आलं की मला भीती तेवढीच वाटत होती. रतिभरही कमी झाली नव्हती. पण आता तिची लाज वाटत नव्हती, आणि लाज गेली तशी पळून जायची घाईही गेली होती.

जायच्या दोन दिवस आधी ह्यांनी दोन तिकिटं टेबलावर ठेवली. मी त्यांतलं एक उचलून त्यांच्या खिशात परत घातलं.

“का?” त्यांनी विचारलं.

“राहते.”

“भीती गेली?”

“अजिबात नाही. पण पुन्हा मला टेबलावर बघून हसलात, तर मात्र जाईन.”

ते हसले नाहीत. तेव्हाही नाही, पुढेही कधी नाही.

आत्याबाई निघाल्या त्या सकाळी अख्खी कॉलनी जीपभोवती जमली. पटेलबाईंनी त्यांच्या पायांवर डोकं ठेवलं, कारण तोवर बातमी अशी पसरली होती की नागदेवाने शिराळ्याच्या मावशींच्या डोळ्यांना अभिषेक केला. आत्याबाईंनी ती काही खोडून काढली नाही. पदर सावरून, ताठ उभ्या राहून त्यांनी सर्वांना आशीर्वाद दिले. हमीसीला एक धोतरजोडी दिली. ती तो कशी नेसणार हा प्रश्न कोणी विचारला नाही.

मग त्यांनी मला जवळ ओढलं. कुंकू लावल्यासारखं करून कानाशी तोंड आणलं.

“वसू, एक आईक माझं. भ्या वाटलं की गप ऱ्हायचं न्हाई. वरडायचं. चांगलं मोठ्यानं वरडायचं. मला उभ्या जलमात वरडाय मिळालं न्हाई.”

“आणि तुम्ही, आत्याबाई? येत्या पंचमीला?”

“मी?” त्यांचे अजून लालसर असलेले डोळे मिश्किल झाले. “मी आता सासू हाय. मी वरडणार.”

जीप उसाच्या वळणाआड गेली. धुरळा बसेपर्यंत मी फाटकाशी उभी होते. डोळे पुसत घराला वळसा घालून मागच्या दारी आले, तो पायरीवर काहीतरी काळं, लांब वळवळलं. ती पाण्याची नळी होती की खरंच कोणी होतं, ते बघायला मी थांबले नाही. कुजबुजले नाही, टेबलावर चढले नाही, देवाचं नाव घेतलं नाही. मी ओरडले. पोटातून, बेंबीच्या देठापासून, दोघींच्या वाटचं.

हमीसी काठी घेऊन धावला. पटेलबाई लाटणं घेऊन आल्या. समोरचे इंजिनियर अर्ध्या दाढीचा साबण तसाच ठेवून आले. क्षणात माझ्या परसात वीस माणसं जमली, आणि मी त्यांच्या मध्ये उभी राहून आणखी एकदा ओरडले, कारण पहिल्याने मला फार बरं वाटलं होतं.

त्या कॉलनीत मी एकवीस वर्षं राहिले. एकवीस वर्षं पोटभर ओरडले.